नुसतं ‘आहे’

“‘मस्ट’ला किती द्यायचे?” डॉ. पारसनीसांनी विचारलं.

पुण्याहून आलेले पारसनीस शोधकेंद्राचे प्रमुख होते, आणि खारेबंदरच्या उकाड्यातही ते पूर्ण बाह्यांचा सदरा घालत. समोर पडद्यावर इंग्रजी शब्दांचा तक्ता होता: सर्टनली, डेफिनेटली, प्रॉबेबली, परहॅप्स. प्रत्येकापुढे शंभरांपैकी एक आकडा भरायचा होता.

शर्वाणी कुबल म्हणाली, “सत्तर. फार तर पंच्याहत्तर.”

“मस्टला? अहो, मस्ट म्हणजे असलंच पाहिजे. पर्यायच नाही. पंच्याण्णव.”

“सर, समजा तुम्ही खिडकीबाहेर पाहिलंत आणि पाऊस दिसला. तुम्ही काय म्हणाल? इट इज रेनिंग. आणि नुसतीच भिजलेली छत्री दिसली तर? इट मस्ट बी रेनिंग. म्हणजे ‘मस्ट’ आला की समजायचं, या माणसाने पाहिलेलं नाही, अंदाज बांधलाय. ज्याला माहीत असतं त्याला खात्रीचा शब्द लागतच नाही. तो नुसतं ‘आहे’ म्हणतो.”

“मग ज्या वाक्यात खात्रीचा शब्दच नाही, त्याला किती देणार?”

“सगळ्यात जास्त.”

पारसनीस हसले. “लोक दिवसभर काहीही ठोकून देतात. त्याला सगळ्यात जास्त? साध्या वाक्याला साठ, मस्टला पंच्याण्णव. शब्दकोशही तेच सांगतो.”

शर्वाणीने त्यांचेच आकडे भरले. तिला नोकरी लागून दोनच महिने झाले होते.

यंत्राचं नाव होतं ‘वेध’. समुद्रात हरवलेल्या होड्या शोधण्यासाठी ते बसवलं होतं, आणि त्याचा हिशेब मुळात सोपा होता. समुद्राच्या नकाशावर चौकोन आखायचे. होडी प्रत्येक चौकोनात असण्याची शक्यता किती, ते वारा, प्रवाह आणि माणसांच्या सांगण्यावरून काढायचं. सगळ्यात जास्त शक्यता जिथे, तिथे ड्रोन आधी पाठवायचे. तिथे काही सापडलं नाही, तर त्या चौकोनाची शक्यता कमी करून उरलेल्यांची वाढवायची. वारा आणि प्रवाह मोजता येतात. माणसाचं सांगणं कसं मोजायचं, एवढाच प्रश्न होता. त्यासाठी तो तक्ता. वेध कुठल्याही भाषेतलं बोलणं आधी इंग्रजीत नेई, त्यातला खात्रीचा शब्द उचले आणि त्याचा आकडा करी.

शर्वाणीने या शब्दांवर गावोगाव पाहणी केली होती. ‘प्रॉबेबली’ म्हणजे शंभरांपैकी किती, याला कुणी पन्नास म्हणालं, कुणी नव्वद. ‘शुअरली’ तर चक्क उलटा निघाला. नावात खात्री, पण इंग्रज माणूस तो बरेचदा धाकधूक असली की वापरतो: ‘तू येशील ना रे’ म्हणावं तसा. हे सगळं तिला फार आवडायचं. संख्याशास्त्र शिकलेल्या मुलीला शब्दांचं एवढं वेड का, ते घरी कुणालाच कळत नव्हतं.

एकदा यंत्राच्या चाचणीसाठी तिने घरी फोन लावला. “आई, साई घरी आहे?”

“आसतलो,” आई म्हणाली.

वेधने पडद्यावर लिहिलं: ‘ही मस्ट बी.’ पंच्याण्णव.

“आई, तू कुठे आहेस?”

“बाजारात. हयसून माका घर दिसता काय?”

मालवणीतल्या त्या ‘आसतलो’मध्ये असेल, असणार, असायला हवा आणि असू दे रे देवा हे सगळंच बसत होतं. आई ते कुठल्या सुरात म्हणते, यावरून अर्थ ठरायचा. तक्त्यात सुरासाठी रकाना नव्हता.

*

पहिल्या वर्षी वेधने तीन होड्या शोधून दिल्या आणि बंदरावर त्याच्या नावाने नारळ फुटला. ड्रोन खाली आले की टीं टीं वाजत, म्हणून लोक त्यांना टिटव्या म्हणू लागले. आईला ते नाव आवडत नसे. टिटवी ओरडणं काही चांगलं नाही, असं ती म्हणे.

मग लोकांना युक्ती कळली. नुसतं ‘वाटतं’ म्हटलं तर टिटव्या उशिरा उडतात, ‘शंभर टक्के’ म्हटलं तर लगेच. एका आठवड्यात सगळं बंदर शंभर टक्के बोलू लागलं. एकाच होडीबद्दल भाऊ उत्तरेला शंभर टक्के सांगे आणि मेहुणा दक्षिणेला.

पारसनीसांनी त्यावर उपाय काढला. प्रत्येक घराने रोज सकाळी वेधला सांगायचं, आपली होडी किती वाजता परतेल आणि तशी खात्री किती आहे. संध्याकाळी वेध पडताळून पाही. ‘बहुतेक’ म्हणणाऱ्याचं दहांतलं सात वेळा खरं ठरलं तर तो माणूस नेमका. ‘नक्की’ म्हणणाऱ्याचंही सातच वेळा ठरलं तर तो बढाईखोर. असं करत करत प्रत्येक आवाजाला एक वजन मिळालं. पुढे तो माणूस काहीही बोलला, तरी आकडा त्या वजनाने गुणला जाई.

शास्त्र म्हणून यात चूक काढता येत नव्हती. शर्वाणीने काढून पाहिली होती.

पण बंदरावरचं बोलणं बदललं. वजन गावभर कळू लागलं. सोयरीक जुळवताना मुलाच्या शब्दाचं वजन विचारलं जाऊ लागलं. ‘येतोच’ म्हणायला माणसं कचरू लागली. आणि खारेबंदरात सगळ्यांत जड शब्द झाला शर्वाणीचा, कारण ती कधीच काही ठामपणे सांगत नसे.

“ताये, भूक लागली काय गो?” तिचा धाकटा भाऊ साईराज विचारी.

“बहुतेक.”

“आये, ऐक! हिच्या पोटाक पण टक्केवारी आसा.”

साईराज चोवीस वर्षांचा होता. वडील गेल्यापासून फायबरची छोटी होडी तो एकटाच नेई. रोज सकाळी वेधला त्याची वेळ शर्वाणी सांगे, आणि तो मुद्दाम तिच्या वेळेला होडी लावी. “तुझा वजन मी धरून ठेवलंय,” तो म्हणे. “वेळ मी पाळतंय आणि पगार तू घेतंस.”

सगळ्यांत हलका शब्द होता रझियाचा. रझिया आईच्या शेजारी मासे विकायला बसे. तिचा नवरा अन्वर सारंग होडी घेऊन कधीच वेळेवर परत येत नसे, आणि रझिया रोज सकाळी छाती ठोकून सांगे, “नक्की दोन वाजता!” दोन वाजता येईलच असं तिला वाटत नसे. नवरा समुद्रावर गेल्यावर बाईने असंच म्हणायचं असतं, असं ती मानी.

“खोटा बोलतंस कित्याक रोज?” आईने एकदा विचारलं.

“मगे काय म्हणू? येतलो की नाय म्हायत नाय म्हणू? तोंडातसून तसा काढूचा नाय.”

“आणि नवऱ्याक अरेतुरे करतंस ता? यंत्र ऐकता हां सगळा.”

“अन्वर माझ्या वर्गात होतो गो! माझी पाटी फोडलेली त्येना. त्येका काय ‘ते’ म्हणू? साहेब आसा तो?” रझिया एवढी हसली की पुढ्यातले बांगडे सरकले. “आमच्यात ‘ते’ म्हणजे दोघे तरी होये.”

शर्वाणीही हसली होती. तिला असल्या गोष्टी लक्षात ठेवायची सवय होती. ही मात्र राहिली नाही.

*

नोव्हेंबरातलं ते वादळ ओमानकडे जाणार होतं. दुपारी त्याने तोंड फिरवलं.

बहुतेक होड्या आत आल्या. दोन आल्या नाहीत: अन्वरची आणि साईराजची. दोघंही एकटेच गेले होते. साईराजचा फोन लागत नव्हता.

शर्वाणी केंद्रातच होती. घरचं माणूस हरवलेलं असेल तर कर्मचाऱ्याने यंत्राला हात लावायचा नाही, असा नियम होता. ती बाकावर बसली, साक्ष द्यायला आलेल्या इतर कुणासारखी. पारसनीस पुण्याहून पडद्यावर दिसत होते.

“वारा वाढतोय,” ते म्हणाले. “चार ड्रोन उडतील, पण एकच फेरी. त्यानंतर अंधार पडेल आणि उद्यापर्यंत काहीच उडवता येणार नाही. चारही एकाच भागात पाठवायचे की वाटून, ते वेध ठरवेल.”

वाटून पाठवले तर एवढ्या उसळत्या समुद्रात काहीच दिसत नाही, हे तिला माहीत होतं. तो हिशेब तिनेच मांडला होता.

पडद्यावर नकाशा उजळला. त्यात एकच चौकोन फिकट पिवळा होता: दक्षिणेला, कुर्लीच्या खडकाच्या मागे. खाली वेधने घेतलेली साक्ष होती.

‘साक्षीदार: रझिया सारंग. विषय: अन्वर सारंग. ही इज बिहाइंड कुर्ली रॉक. खात्रीचा शब्द: नाही. साठ. साक्षीदाराचं वजन: अत्यल्प.’

त्याच्या खाली आणखी एक ओळ होती. खात्री किती, असं वेधने विचारल्यावर रझिया म्हणाली होती: डेफिनेटली, हंड्रेड परसेंट, आय स्वेअर. तिचं ‘नक्की’ रोजच खोटं ठरत असल्यामुळे त्या ओळीने आकडा आणखी खाली आणला होता. त्यानंतर टॉवर पडला आणि फोन तुटला.

साईराजबद्दल एकही साक्ष नव्हती. आता काहीच झालं नाही, तर चारही टिटव्या कुर्लीकडे जाणार होत्या. अन्वरसाठी.

“शर्वाणी,” पारसनीस म्हणाले, “तुमच्या भावाबद्दल काही माहिती आहे?”

ती विचार करू लागली. काल जेवताना साई काळशेरचं नाव काढत होता. उत्तरेला पाण्याखाली असलेल्या त्या खडकाजवळ सुरमई आहे म्हणाला होता. पण तो सकाळी कुठे गेला, हे तिने विचारलं नव्हतं. तो काळशेरला असण्याची शक्यता खरोखर काढायची तर तिनात एक. त्याहून जास्त नाही.

केंद्राच्या लँडलाइनवर घरून आईचा फोन आला. “शर्वाणी, टिटये उडले काय गो?”

“नाही अजून. आई, साई कुठे गेला होता? तुला काही बोलला?”

“काळशेरलाच आसतलो तो. दुसरीकडे खय जातलो?”

“तुला सांगितलं त्याने?”

“सांगूक कित्याक होया? थयच आसतलो.” मग आवाज फुटला. “तू सांग मा त्यांका. तुझो शब्द चलता थय. माझो नाय चलूचो. तू सांग.”

शर्वाणी पडद्यासमोर उभी राहिली. वेधने मराठीत विचारलं, “आपली साक्ष?”

‘मला वाटतं’ म्हटलं तर पंचेचाळीस. ‘बहुतेक’ म्हटलं तर सत्तर. ती खोटं बोलणार नव्हती. खोटं न बोलता किती वर जाता येईल, एवढंच ती शोधत होती. आणि मग तिला तो शब्द सापडला. त्याचा अर्थ अंदाज असा होता, आणि त्याची किंमत खात्रीची होती. यातला पहिला भाग जगात तिला जितका नीट ठाऊक होता तितका फार थोड्यांना असेल. दुसरा भाग तिने स्वतः तक्त्यात भरला होता.

ती इंग्रजीत म्हणाली, “ही मस्ट बी ॲट काळशेर.”

पारसनीसांनी पडद्यातून तिच्याकडे पाहिलं. त्यांनाही ती दुपार आठवली असावी, भिजलेली छत्री आणि सगळं. “शर्वाणी,” ते म्हणाले, “तुम्हाला मस्टच म्हणायचंय?”

“हो सर.”

उत्तरेकडचा चौकोन लालभडक झाला. कुर्लीचा पिवळा रंग पुसट होत जवळजवळ पाण्याचाच झाला. गच्चीवरून चारही टिटव्या उठल्या आणि टीं टीं करत उत्तरेला वळल्या.

तिने आईला सांगितलं, “उडल्या गं. काळशेरला.”

“देव बरा करो तुझा,” आई म्हणाली.

काळशेरला काही नव्हतं. टिटव्यांनी पाठवलेल्या चित्रांत खडकावर फुटणारा फेस होता, पुन्हा फेस होता, आणि मग बॅटरी संपत आल्याचा इशारा.

*

अन्वर दुसऱ्या दिवशी एका मोठ्या ट्रॉलरला सापडला. बर्फाच्या रिकाम्या पेटीला त्याने स्वतःला बांधून घेतलं होतं. बंदरावर उतरवलं तेव्हा त्याला उभं राहता येत नव्हतं. शर्वाणी आणि आई तिथेच होत्या. त्याने आईला पाहिलं आणि तोंड फिरवलं.

“माझा इंजिन बंद पडला,” तो भिंतीकडे बघत म्हणाला. “साई काळशेरसून परत येय होतो. माका बघल्यान आणि वळलो. त्येका सांगलंय, जा तू, घराक जा. आयकाक नाय. दोर टाकल्यान आणि माका ओढून कुर्लेच्या पाठी घेवन गेलो. थय लाट कमी होती. दोन्ही होडये बांधून आमी बसलो. काळोख पडापर्यंत तो माझ्याच बाजूक होतो.”

“मगे?” आई म्हणाली.

“मगे दोर तुटलो.”

मग, कुणी न विचारता, तो म्हणाला, “माझो वायरलेस चालू होतो, पण केंद्र लागाक नाय, घरचोच सेट लागलो. रझियाक सांगलेलंय मी. टिटये येतले, टिटये येतले, म्हणान आमी आकाशात बघित होतो.”

शर्वाणी तिथून निघाली आणि सरळ केंद्रात गेली. वेधने केलेलं इंग्रजी तिने वाचलं होतं, रझियाचा आवाज ऐकला नव्हता. ध्वनिमुद्रण शोधून तिने लावलं.

आधी वाऱ्याचा आवाज. मग रझिया, श्वास लागलेली: “ते कुर्लेच्या पाठी आसत.”

मग वेधचा शांत, मृदू आवाज: “आपल्याला याची किती खात्री आहे?”

“खात्री? आसत म्हटलंय मा!”

“कृपया खात्री दर्शवणारा शब्द वापरा.”

“नक्की! शंभर टक्के! अल्लाची शपथ—” आणि फोन तुटला.

शर्वाणीने पहिलं वाक्य पुन्हा लावलं. ते. आसत. अन्वरच्या होडीवर माणूस एकच, ही नोंद वेधकडे होती. बायको नवऱ्याबद्दल बोलतेय आणि ‘ते’ म्हणतेय. आदरार्थी, दुसरं काय असणार? त्याने एकवचन केलं: ही इज.

तिने ते पुन्हा ऐकलं. मग उठून रझियाकडे गेली.

रझिया पायरीवर बसली होती. आत अन्वर झोपला होता.

“तू ‘ते’ म्हणालीस,” शर्वाणी म्हणाली.

“दोघे होते तर काय म्हणू?” रझियाचे डोळे सुजले होते. “फोन तुटल्यावर तशीच चलत निघालंय केंद्रात. वाटेत माड पडलेलो, तारा पडलेले, पोलिसांनी सोडूक नाय. माका वाटला, सांगलंय एकदा, पुरे झाला.” ती थांबली. “कोण कोण आसा, ता इचारलाच नाय गो त्येना. खात्री किती, खात्री किती, तेवढाच इचारित रवला.”

शर्वाणीला काहीतरी सांगायचं होतं. टिटव्या उत्तरेला का गेल्या, ते. रझियाने तिचा हात धरला.

“तुझ्या आयेन माका सांगला,” ती म्हणाली. “तुया काय सांगलंस ता. मी पण तसाच केलंय आसता.”

तिने हात सोडला नाही, पण शर्वाणीकडे बघितलंही नाही.

*

साईराजचा देह मिळाला नाही. पारसनीसांनी तक्ता बदलला. ‘मस्ट’ सत्तरवर आला, साधं वाक्य नव्वदवर गेलं, आणि दुरुस्तीच्या टिपणात शर्वाणीच्या मूळ युक्तिवादाचा गौरवाने उल्लेख झाला. भाऊ काळशेरला गेला होता हे खरं निघालं, म्हणून वेधने तिच्या शब्दाचं वजन थोडंसुद्धा कमी केलं नाही.

तिने नोकरी सोडली. कुणी कारण विचारलं तर सांगत नसे.

आई रोज दुपारी दारात बसे, तिथून बंदर दिसतं. बाजारात जाणं तिने बंद केलं होतं. “कुठल्या तरी बोटीन उचललेलो आसतलो,” ती म्हणे. “गुजरातचे बोटी लांब जातत. भाषा येणा नाय त्येका. म्हणान फोन नाय.” मग पुन्हा, “येतलो.”

शर्वाणी ऐकून घेई. गुजरातच्या बोटीने उचललं असण्याची शक्यता किती, हे तिने काढलं होतं. तो आकडा शून्य नव्हता. असे आकडे कधीच शून्य नसतात, आणि त्यावर माणूस जन्मभर दारात बसू शकतो.

एके दिवशी आईने ताटं वाढली. तीन. तिसऱ्या ताटात भात घालता घालता तिने वर पाहिलं.

“खय तरी आसतलो मा गो तो?” ती म्हणाली. “तू सांग. तुझ्या शब्दाक वजन आसा.”

शर्वाणीजवळ बहुतेक होतं. कदाचित होतं. वाटतं, दिसतं, असावा, असणार होतं. आईसाठी यातलं काहीही चाललं असतं. ती त्यातल्या कुठल्याही शब्दाला धरून आणखी एक वर्ष काढू शकली असती.

शर्वाणीने तिच्या हातातली पळी काढून घेतली.

“आई,” ती म्हणाली, “साई गेला.”

आईने तिच्याकडे पाहिलं. किती खात्री आहे, असं तिने विचारलं नाही. मग तिने तिसरं ताट उचललं, त्यातला भात पातेल्यात परत घातला आणि ते ताट धुवायला मोरीत गेली.